पी. भानुमती

भानुमती रामकृष्ण (७ सप्टेंबर १९२५ – २४ डिसेंबर २००५). तेलुगू व तमिळ चित्रपटांतील अभिनेत्री, गायिका, दिग्दर्शिका आणि लेखिका. जन्म आंध्रात ओंगोलजवळच्या दोड्डवरम गावी. वडील व्यंकट सुब्बय्या गाण्याचे दर्दी. संगीताचे पहिले धडे त्यांनीच दिले. ‘वर विक्रयम्’ (१९३९) या हुंड्याच्या चालीवरील चित्रपटातून भानुमतींचे पदार्पण झाले.

१९४३ मध्ये त्यांनी सहायक दिग्दर्शक पी. एस. रामकृष्ण राव यांच्याशी लग्न केले. त्यानंतर संसारातच रमायचे असा बेत होता, पण दिग्दर्शक बी. एन. रेड्डी यांच्या ‘स्वर्गसीमा’ने (१९४५) त्यांना परत आणले. त्यातली मोहिनी घालणारी नायिका आणि ‘ओहो हो पावुरमा’ हे कबुतराला उद्देशून गायलेले गाणे गाजले. पार्श्वगायनाचा जमाना आल्यावरही पडद्यावरची आपली गाणी त्या स्वतःच गात. ‘मल्लीश्वरी’ (१९५१) पाहताना हे विशेष जाणवते, कारण तिथे गळा आणि चेहरा वेगळे काढताच येत नाहीत. दक्षिणेबाहेरच्या प्रेक्षकांना त्या जेमिनी स्टुडिओच्या ‘निशान’ (१९४९) या हिंदी चित्रपटातून माहीत झाल्या.

मुलाच्या नावावरून पती-पत्नींनी भरणी पिक्चर्स आणि मद्रासमध्ये भरणी स्टुडिओ उभारला. ‘चंडीराणी’ (१९५३) त्यांनी तेलुगू, तमिळ व हिंदी अशा तिन्ही भाषांत दिग्दर्शित केला, नायिकाही त्याच. स्टुडिओची मालकीण असल्यावर कुणाची मर्जी सांभाळायची गरज उरत नाही, आणि त्यांनी ती फारशी सांभाळलीही नाही. ‘मिस्सम्मा’च्या (१९५५) चित्रीकरणात निर्माते चक्रपाणी यांच्याशी बिनसले, तेव्हा त्या बाहेर पडल्या. ती भूमिका अभिनेत्री सावित्रीकडे गेली आणि सावित्रीचे नशीब उजळले. एम. जी. रामचंद्रन यांच्या ‘नाडोडी मन्नन’मध्येही (१९५८) मतभेद झाले, अखेर त्यांचे पात्र कथेतच मारून टाकावे लागले. ‘गर्विष्ठ’ हा शिक्का यातूनच बसला. हीच ताठ मान एखाद्या नायकाने दाखवली असती, तर तिला रुबाब म्हटले गेले असते.

त्यांच्या ‘अत्तगारी कथलु’ या विनोदी कथांत सोवळ्याओवळ्याची, लोणच्यांवर जिवापाड प्रेम करणारी सासू आणि तिची शहाणी सून भेटते. पूजाअर्चा, ज्योतिष आणि लेखन यांत त्यांना मनापासून रस होता. मद्रासच्या शासकीय संगीत महाविद्यालयाच्या त्या प्राचार्याही होत्या. १९६६ मध्ये पद्मश्री आणि पुढे पद्मभूषण हे किताब त्यांना मिळाले. चेन्नई येथे त्यांचे निधन झाले.