आकड्यांच्या घरातला मजकूर: स्प्रेडशीटच्या सेलमधील मांडणीची पार्श्वभूमी

स्प्रेडशीटमध्ये, म्हणजे एक्सेलसारख्या प्रोग्राममधल्या ओळी-रकान्यांच्या तक्त्यात, नावपत्त्यांची यादी करताना प्रत्येकाला येणारा एक अनुभव आहे. लांबलचक पत्ता शेजारच्या रिकाम्या सेलवर, म्हणजे तक्त्यातल्या घरावर, पसरतो आणि त्या सेलमध्ये काही टाइप केले की तोच पत्ता मध्येच कापलेला दिसतो. मजकूर पुसला गेलेला नसतो, तो फक्त झाकला जातो. संगणकाचे हे वागणे लहरी वाटते, परंतु त्यामागे चाळीसहून अधिक वर्षांत एकावर एक चढत गेलेले निर्णय आहेत. सेल मुळात आकड्यांसाठी घडवला गेला, मजकुराची सोय त्यात नंतर आणि तुकड्यातुकड्यांनी होत गेली, हे ध्यानात आले की पुष्कळशा अडचणींचा उलगडा होतो.

कागदावरच्या कीर्द-खतावणीत ही अडचण नव्हती. तपशिलाचा रकाना रुंद आणि रकमेचा अरुंद आखलेला असे, मजकूर डावीकडून सुरू होई आणि रकमा एककाखाली एकक, दशकाखाली दशक येईल अशा उजवीकडे नेटाने लावल्या जात. तपशील लांबला तर कारकून तो दुसऱ्या ओळीत उतरवी किंवा अक्षर बारीक काढी. ‘स्प्रेडशीट’ हा शब्दही हिशेबनिसांच्या कागदाचाच, समोरासमोरच्या दोन पानांवर पसरून आखलेल्या तक्त्याचा. डॅन ब्रिकलिन १९७८ मध्ये हार्वर्ड बिझनेस स्कूलमध्ये शिकत असताना त्यांच्या मनात आले की अशा तक्त्यातला एक आकडा बदलला तर बाकीचे आपोआप बदलावेत. बॉब फ्रँकस्टन यांच्यासह त्यांनी घडवलेला ‘व्हिझिकॅल्क’ हा स्प्रेडशीट प्रोग्राम १९७९ मध्ये ॲपल टू संगणकावर आला.

व्हिझिकॅल्कमध्ये ६३ रकाने आणि २५४ ओळी होत्या, पण सुरुवातीच्या आवृत्तीत सगळ्या रकान्यांची रुंदी एकच असे. नावाचा रकाना रुंद करायचा तर रकमेचाही तितकाच रुंद होई. रुंदीत न मावणारा मजकूर पडद्यावर सरळ कापला जाई. काय टाइप होत आहे हे प्रोग्राम पहिल्याच कळीवरून ठरवी: अक्षर आले तर मजकूर, अंक आला तर आकडा. त्यामुळे घरक्रमांकाने सुरू होणारा पत्ता लिहायचा असेल तर आधी दुहेरी अवतरणचिन्ह टाइप करून ‘हा मजकूर आहे’ असे सांगावे लागे. मजकूर डावीकडे आणि आकडा उजवीकडे हा खतावणीचा नियम मात्र तसाच पडद्यावर आला, आणि तो आजही पाळला जातो.

जानेवारी १९८३ मध्ये विक्रीला आलेल्या ‘लोटस १-२-३’ या स्प्रेडशीट प्रोग्रामने मजकुराला थोडी मोकळीक दिली. प्रत्येक रकान्याला वेगळी रुंदी देता येऊ लागली आणि लांब मजकूर शेजारच्या रिकाम्या सेलवर पसरू लागला. संरेखन, म्हणजे मजकूर सेलच्या कोणत्या बाजूला लागावा हे, ठरवण्यासाठी मजकुराच्या आधी एक चिन्ह लिहायची पद्धत होती. एकेरी अवतरणचिन्ह लावले की मजकूर डावीकडे जाई, दुहेरी लावले की उजवीकडे, आणि टोपीसारखे चिन्ह (^) लावले की मधोमध. उलटी तिरपी रेघ देऊन एखादे चिन्ह लिहिले तर ते सेलभर पुन्हा पुन्हा उमटे, आणि बेरजेच्या वरची रेघ लोक त्यानेच आखत. आज एक्सेलमध्ये मोबाइल क्रमांकाआधी आपण जे एकेरी अवतरणचिन्ह टाकतो, ते त्या काळातून चालत आलेले आहे. संरेखनाचे काम त्याच्याकडून गेले, ‘याला आकडा समजू नका’ एवढा निरोप उरला.

पसरण्याची सवलत फक्त मजकुरालाच का, हा प्रश्न इथे महत्त्वाचा आहे. मजकूर कापला गेला तर वाचणाऱ्याला तो अपुरा असल्याचे बहुधा कळते. ५४३२० मधला शेवटचा शून्य झाकला गेला तर मात्र ५४३२ हा अगदी खराखुरा वाटणारा, पण चुकीचा आकडा उरतो. म्हणूनच न मावणारा आकडा कापून दाखवण्याऐवजी लोटसमध्ये फुल्यांची आणि पुढे एक्सेलमध्ये चौकड्यांची (####) रांग दाखवली गेली. नवशिक्याला ती बिघाडासारखी वाटते, पण माझ्या मते स्प्रेडशीटच्या इतिहासातला हा सर्वांत जबाबदार निर्णय आहे.

एक्सेल १९८५ मध्ये मॅकिंटॉशवर आणि १९८७ मध्ये विंडोजवर आला, तेव्हा चित्रमय पडद्यामुळे फॉण्ट, ठळक अक्षरे आणि सेलच्या कडा वापरकर्त्याच्या हाती आल्या. तरी आकड्यांचे घर ते आकड्यांचेच राहिले. एक्सेल ९७ येईपर्यंत एका सेलमध्ये २५५ पेक्षा जास्त अक्षरे टाइप करता येत नसत. त्या आवृत्तीत ही मर्यादा ३२,७६७ वर गेली. रकान्याची रुंदी आजही मूळ फॉण्टमधला शून्य किती वेळा मावतो यावर मोजली जाते. सगळी अक्षरे सारख्या रुंदीची असत त्या काळाचा हा माप-दंड आहे.

सेल ‘मर्ज’ करण्याची सोयही एक्सेल ९७ चीच. त्याआधी शीर्षक अनेक रकान्यांच्या मधोमध दिसावे म्हणून ‘सेंटर अॅक्रॉस सिलेक्शन’ होते. त्यात सेल वेगळेच राहत आणि मजकूर फक्त मधोमध दिसे. मर्जने सेलच एक केले. ते दिसायला आकर्षक आहे, पण मर्ज केलेल्या यादीचे सॉर्टिंग अडते आणि अशा ओळीची उंचीही मजकुराप्रमाणे आपोआप वाढत नाही. जुनी सोय आजही संरेखनाच्या चौकटीत आहे, आणि शीर्षकासाठी तीच वापरावी असे माझे ठाम मत आहे.

टाइप केलेल्या मजकुराची ओळख प्रोग्रामने स्वतःच ठरवण्याची, व्हिझिकॅल्कपासूनची सवय पुढे महागात पडली. आधार क्रमांक १२ अंकी असतो आणि एक्सेलचे सर्वसाधारण फॉरमॅट नेमके १२ अंकांपासून वैज्ञानिक पद्धतीत शिरते, त्यामुळे १२३४५६७८९०१२ हा क्रमांक १.२३४५७ई+११ असा दिसतो. तो निदान आत शाबूत असतो. सोळा अंकी खातेक्रमांकाचा शेवटचा अंक मात्र शून्य होऊन कायमचा जातो, कारण आकड्याचे १५ च अंक जपले जातात. म्हणून रकाना आधी ‘टेक्स्ट’ करावा आणि मग क्रमांक भरावेत. नंतर केलेल्या बदलाने गेलेला अंक परत येत नाही. महिन्यांच्या नावांसारखी दिसणारी जनुकांची नावे तारखा होऊन बसत, म्हणून मानवी जनुकांच्या नामकरण समितीने २०२० मध्ये अशी काही नावेच बदलल्याचे जाहीर केले.

देवनागरीची वाट याहून खडतर होती. पुण्याच्या सी-डॅक या सरकारी संगणक-संशोधन संस्थेने प्रसारित केलेल्या जिस्ट तंत्रज्ञानामुळे विंडोजपूर्वीच्या डॉसच्या काळातही भारतीय लिप्यांत काम करता येत असे. विंडोजवर मात्र अनेक कार्यालयांत असे मराठी फॉण्ट रुळले, ज्यांत सेलच्या पोटात रोमन अक्षरे असत आणि त्यांना केवळ मराठी रूप दिलेले असे. एका संस्थेची सभासद यादी मी दुसऱ्या संगणकावर उघडली, तेव्हा तिथे तो फॉण्ट नसल्याने सगळी नावे रोमन अक्षरांचा अर्थहीन ढीग झाली होती. अशा यादीत अकारविल्हे लावणेही शक्य नसे, कारण क्रम रोमन अक्षरांचा लागे. विंडोज २००० पासून देवनागरी युनिकोडला, म्हणजे प्रत्येक लिपीतल्या अक्षराला स्वतःचा ठरावीक संकेतांक देणाऱ्या पद्धतीला, आधार मिळाला आणि सेलमध्ये खरोखरीचे मराठी साठू लागले.

तरी मोजमापाचा प्रश्न उरलाच. ‘महाराष्ट्र’ या शब्दात आपण चार अक्षरे मोजतो, पण एक्सेलचे लांबी मोजणारे फंक्शन १० सांगते, कारण काना आणि हलन्त वेगळे मोजले जातात. डावीकडची सात अक्षरे मागितली तर सेलमध्ये ‘महाराष्’ उरते. उंचीचेही तसेच आहे. ओळीची उंची एकदा हाताने ठरवली की ती आपोआप वाढायची थांबते, आणि इंग्रजी अक्षरांसाठी पुरेशा वाटणाऱ्या त्या ओळीत ‘कीर्ती’मधला रफार वरून आणि ‘पूजा’चा ऊकार खालून कापला जातो. अशा वेळी सगळ्या ओळी निवडून दोन ओळक्रमांकांमधल्या रेषेवर डबल क्लिक करावे, म्हणजे रफार आणि ऊकार दोन्ही पूर्ण दिसू लागतात.