बालकलाकाराची कमाई : सोलापूरच्या शशिकलांपासून वीस टक्क्यांच्या नियमापर्यंत

सोलापूरहून रात्री सुटणारी सिद्धेश्वर एक्स्प्रेस सकाळी मुंबईत पोहोचते. मालिकेच्या किंवा गाण्याच्या कार्यक्रमाच्या ऑडिशनला मुलांना घेऊन जाणाऱ्या आईवडिलांना हीच गाडी सोयीची पडते. निवड झाली की गल्लीत पेढे वाटले जातात, शाळेच्या फळ्यावर नाव लागते. मात्र मुलाला मिळणाऱ्या मानधनाचे पुढे काय होते, हा प्रश्न चारचौघांत विचारणे अजूनही अवघड वाटते. त्या अवघडलेपणाला जुना इतिहास आहे, आणि त्याचे एक टोक सोलापुरातच सापडते.

अभिनेत्री शशिकला यांचा जन्म 4 ऑगस्ट 1932 रोजी सोलापुरात, जवळकर कुटुंबात झाला. पाच वर्षांच्या असल्यापासून त्या जिल्ह्यातील गावोगावच्या रंगमंचावर नाचत, गात आणि अभिनय करीत होत्या. तोवर ती हौस होती. पुढे वडिलांचे दिवाळे निघाले, आणि भावंडांमध्ये दिसायला देखणी व गुणी असलेल्या या मुलीला चित्रपटांत काम मिळेल, या आशेवर सगळे बिऱ्हाड मुंबईला हलले. ओळखीच्यांकडे आसरा घेऊन राहायचे आणि एका स्टुडिओतून दुसऱ्या स्टुडिओत काम मागत फिरायचे, असे ते दिवस होते. नूरजहाँ यांच्याशी गाठ पडल्यावर त्यांचे पती शौकत हुसेन रिझवी यांनी ‘झीनत’ (1945) या चित्रपटातील कव्वालीत या मुलीला घेतले. त्या कामाचे 25 रुपये मिळाल्याचे शशिकला पुढे सांगत असत. ते घरखर्चाला लागले असणार, यात नवल नाही. नवल याचे, की बारा-तेरा वर्षांची मुलगी घरची कर्ती झाली आहे, असे त्या काळी कोणी म्हटले नसते. मुलीचे नशीब उघडले, एवढेच म्हटले गेले असते. पुढील कारकीर्द सर्वपरिचित आहे : ‘आरती’ आणि ‘गुमराह’साठी फिल्मफेअर, 2007 मध्ये पद्मश्री, उतारवयात दूरचित्रवाणी मालिका. 4 एप्रिल 2021 रोजी मुंबईत त्यांचे निधन झाले.

शशिकला सोलापूर जिल्ह्यात नाचत होत्या त्याच सुमारास, 1939 मध्ये, अमेरिकेतील कॅलिफोर्निया राज्याने बालकलाकारांच्या कमाईसाठी कायदा केला. चॅप्लिनच्या चित्रपटात झळकलेल्या जॅकी कूगन याने लहानपणी मिळवलेले लाखो डॉलर आई आणि सावत्र वडिलांनी खर्चून टाकले होते. सज्ञान झाल्यावर त्याला कोर्टाची पायरी चढावी लागली, आणि त्या दाव्यातून हा कायदा आला. आपल्याकडे असा नियम व्हायला त्यानंतर 78 वर्षे जावी लागली.

मधल्या काळात दूरदर्शनचे मुंबई केंद्र 2 ऑक्टोबर 1972 रोजी सुरू झाले. ‘किलबिल’सारख्या कार्यक्रमांतील मुलांचे पडद्यावर येणे हे शाळेच्या स्नेहसंमेलनाचेच मोठे रूप होते. खासगी वाहिन्या आणि दैनंदिन मालिका आल्यावर मात्र मुलाचे काम रोजचे झाले. 2008-09 मधील ‘सारेगमप लिटिल चॅम्प्स’ने कार्तिकी गायकवाड, आर्या आंबेकर, प्रथमेश लघाटे, मुग्धा वैशंपायन आणि आपल्या शेजारच्या लातूरचा रोहित राऊत यांना घराघरांत नेले. हेच पाच जण 2021 मध्ये त्याच कार्यक्रमात परीक्षक म्हणून परतले. त्यांच्याकडे पाहून अनेक पालकांनी मुलांना क्लास लावले. पण पाचही जण गाण्यात टिकून राहिले हे अपवादाचे उदाहरण आहे, आणि त्यालाच वहिवाट समजणे धोक्याचे आहे, असे प्रस्तुत लेखकाला वाटते.

बालकामगार कायद्यात 2016 मध्ये दुरुस्ती झाली आणि 2017 मध्ये नियम आले. त्यांनुसार मुलाला दिवसात पाच तासांहून अधिक आणि विश्रांतीशिवाय सलग तीन तासांहून अधिक काम देता येत नाही. सलग 27 दिवसांहून अधिक काळ त्याला कामावर ठेवता येत नाही. दर पाच मुलांमागे एक जबाबदार व्यक्ती नेमावी लागते. कमाईतील किमान 20 टक्के रक्कम थेट मुलाच्या नावे राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेवीत जाते आणि ती त्याला सज्ञान झाल्यावर मिळते. निर्मात्याने परवानगी घ्यायची ती चित्रीकरण होणाऱ्या जिल्ह्याच्या दंडाधिकाऱ्यांकडून. सोलापूरच्या मुलाचा कागद त्यामुळे सोलापूरच्या जिल्हाधिकारी कार्यालयात फिरकतही नाही, तो मुंबई उपनगर किंवा ठाण्यात हलतो. पालकांचा संबंध येतो तो संमतीपत्रावरील सहीपुरता. शिवाय कायद्याच्या लेखी ‘बालक’ म्हणजे 14 वर्षे पूर्ण न झालेले मूल, म्हणजे नववी-दहावीच्या ऐन वर्षांत कलाकार या तरतुदींच्या बाहेर पडतो.

उरलेल्या 80 टक्क्यांबाबत नियम काही सांगत नाहीत. ते घरावर सोडले आहे. 2017 मध्ये दहा वर्षांची असलेली मुले आता अठरा ओलांडून गेली आहेत, आणि ज्यांच्या नावे तेव्हा ठेवी ठेवल्या गेल्या, त्यांना बँकेत स्वतःच्या सहीने त्या मागता येतात.