प्रचालक हे मजकुराचे मालक नव्हेत

मराठी विकिपीडियावर काय राहील हे मूठभर प्रचालक, म्हणजे जादा अधिकार मिळालेले सदस्य, ठरवतात, असे बडोद्याच्या मराठी मंडळींत अजूनही ऐकू येते. हा समज चुकीचा आहे. पान हटवणे, सुरक्षित करणे (म्हणजे त्यातील बदलांवर मर्यादा घालणे), सदस्याला प्रतिबंधित करणे ही साधने प्रचालकांकडे असतात, परंतु मजकुराच्या वादात त्यांचे मत इतर संपादकांइतकेच, म्हणजे लेखांत बदल करणाऱ्या कोणाही इतकेच, धरले जाते. सयाजीराव महाराजांवरील लेखात घरी ऐकलेली आठवण कोणी संदर्भाविना घातली, तर पान सुरक्षित नसल्यास कोणताही संपादक ती उलटवू, म्हणजे काढून आधीचा मजकूर परत आणू, शकतो. रागावण्याआधी पानाचा इतिहास अवश्य उघडावा: बदल कोणत्या खात्यावरून आणि केव्हा झाला, हे तिथे नोंदलेले असते. मग छापील संदर्भ घेऊन चर्चापानावर यावे. संदर्भ भक्कम आणि मजकूर विषयाला धरून असेल, तर केवळ नापसंतीपोटी तो काढण्याचा अधिकार प्रचालकालाही नाही.