कंट्रोलरचा दिवा आणि सोंगाची भानगड : मागची गोष्ट

गेममध्ये जे चाललंय त्याप्रमाणे कंट्रोलरचा दिवा बदलावा, म्हणजे जीव कमी झाला की लाल, पोलीस मागे लागले की लाल-निळा, एवढीच अपेक्षा असते. पण पीसीवर हे करायला बसलं की पहिल्या तासाभरातच डोकं फिरतं, कारण सेटिंग सापडतं तर रंग बदलत नाही, रंग बदलतो तर रंबल (कंट्रोलरची थरथर) बंद पडतं, आणि दोन्ही चालू झालं तर मेनूत एकदा दाबलेलं बटण दोनदा लागतं. हे असं का, त्याला इतिहास आहे आणि तो फार जुनाही नाही. कंट्रोलर जोडायचा कसा, ड्रायव्हर कुठनं घ्यायचा वगैरे सगळ्यांना येतं असं धरून चालतोय.

एक आधीच सांगतो, मी 'दिवा' म्हणणार. आमच्याकडे वेंगुर्ल्यात 'लाइट' म्हणजे वीज, आणि जून ते सप्टेंबर ती असते कमी आणि जाते जास्त, त्यामुळे 'कंट्रोलरची लाइट गेली' म्हटलं तर घरातलं कोणतरी इन्व्हर्टर बघायला उठतं.

दिव्याच्या रंगावरून ओळखायची गोष्ट बंदरावरच्या पोराला शिकवावी लागत नाही. होडीच्या डाव्या अंगाला लाल, उजव्या अंगाला हिरवा, आणि अंधारात दोन्ही एकदम दिसले तर ती सरळ तुमच्या अंगावर येतेय. कंट्रोलरवर मात्र बरीच वर्षं दिवा म्हणजे फक्त नंबर होता. २००५ मध्ये मायक्रोसॉफ्टच्या एक्सबॉक्स ३६० च्या कंट्रोलरवर हिरव्या कड्याचे चार तुकडे आले, २००६ मध्ये निन्टेंडोच्या वी ह्या कन्सोलच्या रिमोटवर चार निळे ठिपके आणि सोनीच्या प्लेस्टेशन ३ म्हणजे पीएस३ च्या कंट्रोलरवर चार लाल, सगळ्यांचा अर्थ एकच, तू कितवा खेळाडू. जीव किती उरलाय वगैरे कोणाच्या डोक्यातही नव्हतं.

रंग आला तो कॅमेऱ्यासाठी. २०१० ला पीएस३ साठी जी हलवायची कांडी आली तिच्या टोकाला आईस्क्रीमच्या गोळ्यासारखा एक पेटणारा गोळा होता, खोलीत कॅमेऱ्याला तो पटकन सापडावा म्हणून त्याचा रंग बदलता यायचा. २०१३ मध्ये पीएस४ बरोबर ड्युअलशॉक ४ हा कंट्रोलर आला त्याच्या पुढच्या बाजूला पट्टी दिली ती त्याच गोळ्याची बहीण. पहिला खेळाडू निळा, दुसरा लाल, तिसरा हिरवा, चौथा गुलाबी, आणि कॅमेऱ्याने तोच रंग बघून कोण कुठे बसलंय ते ओळखायचं. गेममधल्या घटनांना रंग देणं हा वरचा मसाला होता. पण लोकांना आवडला तो मसालाच. जीटीए ५ पीएस४ वर २०१४ ला आला तेव्हा पोलीस मागे लागले की पट्टी लाल-निळी मारायची, आमच्या मामेभावाने पहिल्यांदा बघितलं तेव्हा ओरडला, "काय रे ह्यां, पोलिसांचो दिवो हातात इलो!"

आता पट्टीचं तोंड खेळणाऱ्याकडे नाही, टीव्हीकडे. म्हणजे ज्याला सांगायचं त्याच्याकडे पाठ करून सांगायचं, आणि रात्री अंधारात खेळलं की टीव्हीच्या काचेत निळा डाग. शिवाय बॅटरी १००० एमएएच, त्यात हा दिवा बंदच होत नव्हता. बोंबाबोंब झाल्यावर एप्रिल २०१४ च्या अपडेटमध्ये मंद करायची सोय आली, पूर्ण बंद करायची नाहीच. कॅमेऱ्यासाठी ठेवलाय असं सोनीवाले म्हणायचे, आणि २०१६ मध्ये व्हीआर हेडसेट आल्यावर त्यांचं म्हणणं थोडं खरंही ठरलं. पण ज्यांच्याकडे कॅमेराच नाही अशांनी तो दिवा कशाला पोसायचा, ह्याचं उत्तर मला अजून पटलेलं नाही. त्याच वर्षीच्या सुधारित मॉडेलमध्ये टचपॅडच्या वरच्या कडेला एक बारीक रेघ आली, तेव्हा कुठे खेळणाऱ्याला स्वतःचा दिवा दिसायला लागला.

इथपर्यंतचं सगळं कन्सोलवालं. खरी भानगड पीसीवर आहे आणि ती समजायला २००५ ला परत जावं लागतं, कारण एक्सबॉक्स ३६० च्या वेळेला विंडोजमध्ये एक्सइनपुट आलं, म्हणजे गेमने कंट्रोलरशी बोलायची ठरलेली भाषा. त्यात गेमकडून कंट्रोलरकडे जायला फक्त दोन आकडे आहेत, डाव्या मोटरचा वेग आणि उजव्या मोटरचा वेग, शून्य ते ६५५३५. रंगाला जागाच नाही, कारण त्या कंट्रोलरला रंगच नव्हता. पुढे बहुतेक पीसी गेम ह्याच भाषेत लिहिले गेले, आणि ड्युअलशॉक ४ पीसीला लावला की तो एक साधा अनोळखी गेमपॅड म्हणून दिसायचा, निम्मे गेम ओळखच द्यायचे नाहीत.

ह्यावर लोकांनी जो उपाय काढला तो दशावतारातल्यासारखा, सोंग. डीएसफोरविंडोज नावाचं टूल तुमच्या ड्युअलशॉककडून बटणं वाचतं आणि विंडोजसमोर खोटा एक्सबॉक्स ३६० चा कंट्रोलर उभा करतं, गेमला वाटतं एक्सबॉक्सवाला आलाय. खेळायला झकास. पण सोंग घेतलं की राजाने राजाचीच वाक्यं बोलायची, मागे पडद्याआड तो माणूस कोण आहे हे गेमला माहीतच नाही, तर गेम त्याला 'लाल हो' सांगेल कसा? गेमकडून आले ते दोन आकडे, मोटरचे. मग दिव्याचं काय करायचं ते टूलच ठरवतं, बॅटरीप्रमाणे रंग, इंद्रधनुष्य, नाहीतर एक ठरावीक रंग. हे पाहून लोक म्हणतात 'पीसीवर दिवा चालतो', आणि दुसरे म्हणतात 'नाही चालत', आणि दोघंही बरोबर असतात.

ह्या सोंगाच्या उपायावर अजून वाद होतात. एका बाजूचं म्हणणं, सोंगामुळेच हजारो गेम चालले, दिव्यासाठी कोण रडतंय. दुसऱ्या बाजूचं म्हणणं, सोंग इतकं सोपं पडलं की गेम बनवणाऱ्यांनी खऱ्या कंट्रोलरशी बोलायचा आळस केला. मी दुसऱ्या बाजूचा, लपवत नाही. ज्या थोड्या गेमनी वायरवर थेट ड्युअलशॉकशी बोलायची सोय ठेवली त्यातसुद्धा टूल चालू राहिलं तर गेमला दोन कंट्रोलर दिसतात, खरा आणि खोटा, आणि मेनूत खाली दाबलं की दोन घरं खाली. आपण बटणाचं रबर गेलं म्हणून कंट्रोलर खोलून बसतो. खरं तर खरा कंट्रोलर लपवायला हवा, किंवा टूलला एक्सबॉक्सऐवजी ड्युअलशॉक ४ चंच सोंग घ्यायला सांगायचं आणि टूलच्या प्रोफाइलमध्ये दिवा 'पासथ्रू'वर (आलं तसं पुढे सोड) ठेवायचा, म्हणजे गेमने खोट्याला दिलेला रंग खऱ्यापर्यंत जातो. हा पर्याय असतो हेच कित्येकांना माहीत नाही.

'सपोर्ट' हा शब्द म्हणूनच फसवा आहे. गेम स्वतः रंग पाठवतो, हा एक सपोर्ट. टूल आपल्या मनाने रंग लावतं, हा दुसरा. स्टीम ह्या गेमच्या दुकानाने २०१६ च्या शेवटी आपल्या ॲपमध्ये ड्युअलशॉक ४ घेतला, त्यात रंगाची पट्टी सरकवता येते, हा तिसरा. आणि चौथा, गेम आपली माहिती बाहेर देतो आणि तुम्ही मध्ये बसून ती रंगात बदलता. विचारणारा पहिल्याबद्दल विचारतो, सांगणारा तिसऱ्याबद्दल सांगतो, की भांडण सुरू.

चौथ्यात खरी मजा आहे. काउंटर स्ट्राइकमध्ये २०१५ पासून सोय आहे, एक छोटी सीएफजी (सेटिंगची) फाइल ठेवली की गेम स्वतःहून १२७.०.०.१ ला, म्हणजे तुमच्याच मशीनला, जेसन ह्या साध्या मजकुराच्या साच्यात माहिती पाठवत राहतो, जीव किती, बॉम्ब लागला का, आणि डोळ्यावर फ्लॅश किती आलाय ते ० ते २५५ मध्ये. हा शेवटचा आकडा तर दिव्यासाठीच केल्यासारखा, जसाच्या तसा लाल, हिरवा, निळा तिघांनाही दिला की दिवा पांढराफट्ट आणि उतरेल तसा मावळतो. जीव १०० असला की हिरवा, कमी होत लाल. फक्त मध्ये ५० ला पिवळा यायला हवा तो माझ्याकडे कच्च्या लिंबासारखा हिरवट दिसायचा, मग हिरवा थोडा कापला. गंमत म्हणजे हा गेम मी खेळतो माऊसवर, कंट्रोलर नुसता मॉनिटरसमोर उभा. आई म्हणाली, "देवासमोर समई ठेवतात तसा ठेवलायस."

कंट्रोलर हातात धरून करायचं तर फॉर्म्युला वनचे गेम बरे. ते टेलिमेट्री, म्हणजे गाडीची चालू माहिती, नेटवर्कवर (यूडीपीने) २०७७७ पोर्टला सोडतात, त्यात इंजिनाच्या रेव्हलाइटचा (इंजिन किती फिरतंय ते दाखवणाऱ्या दिव्यांचा) टक्का आयताच मिळतो, गिअर कधी टाकायचा ते हातातल्या दिव्यावरून कळतं.

ह्याला सोडून आणखी एक रस्ता आहे, गेमची मेमरी बाहेरून चोरून वाचायची. ऑफलाइन गेमला ठीक. ऑनलाइन गेममध्ये अँटीचीटला (लबाडी पकडणाऱ्या प्रोग्रामला) तुमचा हेतू दिवा आहे की चोरी हे कळत नाही आणि कळून घ्यायची त्याला गरजही नाही, अकाउंट जातं.

अलीकडची वर्षं तशी बरी गेली. २०२० ला पीएस५ चा ड्युअलसेन्स कंट्रोलर आला, पट्टी टचपॅडच्या दोन्ही बाजूंना आणि खाली खेळाडूच्या नंबरसाठी पाच पांढरे ठिपके वेगळे, म्हणजे नंबर आणि रंग ह्यांचा घोळ एकदाचा सुटला. त्याच वर्षी डिसेंबरात एसडीएल (गेम बनवणारे वापरतात ती तयार कोडची लायब्ररी) २.०.१४ मध्ये कंट्रोलरचा रंग बदलायचं फंक्शन आलं, त्यामुळे छोट्या गेमवाल्यांनाही ते एका ओळीत जमतं. लिनक्समध्ये २०२१ च्या ५.१२ कर्नलपासून ड्युअलसेन्ससाठी नवीन ड्रायव्हर आला. २०२३ मध्ये विंडोज ११ ला डायनॅमिक लाइटिंग आलं, म्हणजे जोडलेल्या उपकरणांचे दिवे विंडोजमधूनच बदलायची सोय, त्यामागच्या स्टँडर्डमध्ये कीबोर्ड, माऊसबरोबर गेम कंट्रोलर हाही प्रकार आहे, पण आपला जुना ड्युअलशॉक ते स्टँडर्ड बोलत नाही. आणि त्याच वर्षी डीएसफोरविंडोज ज्याच्या जिवावर सोंग उभं करतं तो खोट्या कंट्रोलरचा ड्रायव्हर, त्याच्या नावाच्या ट्रेडमार्कवरून वाद होऊन, निवृत्त झाला. जुना इन्स्टॉल केलेला चालतो, पुढे काम बंद.

आता ज्यांना स्वतः स्क्रिप्ट लिहायचीय त्यांच्यासाठी एवढंच. वायरवर ड्युअलशॉक ४ ला ३२ बाइट जातात, पहिल्या बाइटमध्ये ५ हा आकडा, सहाव्या जागेपासून लाल, हिरवा, निळा (शून्यापासून मोजून), आणि त्याच्याच आधी चौथ्या-पाचव्या जागेवर दोन मोटरी. म्हणजे रंग आणि रंबल एकाच पाकिटात जातात, रंग बदलताना मोटरींच्या जागी शून्य गेलं आणि फ्लॅग (काय बदलायचं ते सांगणारा बाइट) चुकला की रंबल मेलं, सुरुवातीला म्हटलं ते हेच. माझ्या कंट्रोलरचं मायक्रो यूएसबी खाऱ्या हवेने गंजून गेलंय म्हणून मला ब्लूटूथशिवाय पर्याय नव्हता, तिथे पाकीट ७८ बाइटचं, शेवटचे चार बाइट सीआरसीचे (पाकीट वाटेत बिघडलं नाही ना ते तपासायचा आकडा), आणि ती सीआरसी काढताना पाकिटात नसलेला १६२ हा बाइटही सुरुवातीला धरायचा असतो. चुकलं तर एरर वगैरे काही येत नाही, कंट्रोलर गप्प बसतो. दोन रात्री तो निळाच होता.