सामाईक लायब्ररी फायली (वेब फ्रेमवर्क)

वेबपानावरचे बटण, यादी, तक्ता, तारीख निवडायचा चौकोन अशा सुट्या भागांना कंपोनंट म्हणतात. एका फ्रेमवर्कच्या (पाने उभारायच्या तयार सांगाड्याच्या) सगळ्या कंपोनंटना लागणारा समान कोड एकदाच लिहून वेगळ्या फायलींत ठेवतात. त्या सामाईक लायब्ररी फायली. खानदेशात लग्नाच्या वरण-बट्टीचे मोठाले गंज कोणी घरोघर विकत घेत नाही. ते गावाचे किंवा समाजाचे असतात आणि ज्याच्या दारी मांडव पडतो तिकडे जातात. हिशेब तोच.

केळीच्या भावाचे एखादे पान घ्या. वर तालुक्यांची यादी (रावेर, यावल, चोपडा), खाली भावांचा तक्ता, शेजारी तारीख. दिसायला तिन्ही वेगळे, पण आतले काम बरेचसे एकच: बोट लागले की दखल घ्यायची, माहिती बदलली की पानाचा तेवढाच तुकडा पुन्हा रंगवायचा. प्रत्येकाने हा कोड आपापला आणला तर मोबाइलवर तोच माल तीनदा उतरेल.

२००६ मध्ये आलेल्या जेक्वेरी या लायब्ररीपासून सामाईक कोड वेगळा ठेवायची ही रीत रुळली. फेसबुकने २०१३ मध्ये खुले केलेले रिअ‍ॅक्ट आणि २०१४ चे व्ह्यू या साधनांनी कंपोनंटची पद्धत घरोघरी नेली. रिअ‍ॅक्टचा गाभा एका पॅकेजमध्ये (कोडच्या गठ्ठ्यात) असतो, ब्राउझरच्या पडद्याशी बोलणारा भाग दुसऱ्यात; त्यामुळे तोच गाभा मोबाइल अ‍ॅपलाही चालतो. पान तयार करताना बंडलर नावाचे साधन सामाईक कोड वेगळा काढते आणि फायलीच्या नावात मजकुरावरून काढलेला सांकेतिक आकडा घालते. मजकूर बदलला तरच नाव बदलते. तोवर ब्राउझर आपल्या कॅशमधली (उतरलेल्या फायलींच्या साठ्यातली) जुनी प्रत वापरतो.

एक समज अजून टिकून आहे, तो मात्र आता खरा नाही. सर्वांनी एकाच सीडीएन (अनेक संकेतस्थळांना फायली पुरवणारे जाळे) सर्व्हरवरची फाइल जोडली, तर एका संकेतस्थळासाठी उतरलेली प्रत दुसऱ्यालाही फुकट मिळेल, असे पूर्वी सांगत. फाइल किती झटकन आली यावरून माणूस आधी कोणत्या संकेतस्थळावर जाऊन आला ते ताडता येते, म्हणून सफारीने २०१३ पासून, क्रोमने २०२० मध्ये आणि फायरफॉक्सने २०२१ मध्ये कॅशची संकेतस्थळागणिक वाटणी केली. तेव्हा फाइल आपल्याच सर्व्हरवर ठेवणे बरे. शिवाय कॅशमधून आली तरी फोनला ती वाचून चालवावीच लागते. अक्कलकुवा-धडगावच्या डोंगरात, मधूनच रेंज धरणाऱ्या स्वस्त फोनवर, हे दोन्ही भार जाणवतात.

खरी डोकेदुखी व्हर्जनची. एका कंपोनंटला जुनी लायब्ररी हवी, दुसऱ्याला नवी, की दोन्ही पानात शिरतात. रिअ‍ॅक्टच्या दोन प्रती एकत्र आल्या की हुक (कंपोनंटला माहिती लक्षात ठेवू देणारी तयार फंक्शने) चुकीच्या जागी वापरल्याची तक्रार येते, आणि नवशिका आपलाच कोड तपासत बसतो. म्हणून चांगल्या कंपोनंटचे पॅकेज रिअ‍ॅक्ट स्वतः आणत नाही. कोणते व्हर्जन चालेल एवढेच सांगते. मार्च २०१६ मध्ये लेफ्ट-पॅड हे ११ ओळींचे पॅकेज लेखकाने एनपीएम या पॅकेजांच्या सार्वजनिक कोठारातून काढून घेतले आणि त्यावर टेकलेले कितीतरी प्रकल्प अडले. ११ ओळींसाठी दुसऱ्याच्या दारात जायची गरज होती का, हा प्रश्न तेव्हाही रास्त होता.

पूर्वी लायब्ररीकडे असलेली काही कामे आता खुद्द ब्राउझर करतो. भाषा मराठी सांगितली की तो १,२३,४५६ असे देवनागरी आकडे, लाखाच्या जागी स्वल्पविराम देऊन, आणि महिन्यांची मराठी नावे लिहितो. अहिराणीत पान करायचे तर बटणांवरच्या शब्दांची फाइल सहसा आपणच बनवावी लागते. लिपी देवनागरी असल्याने फॉन्टची फाइल मात्र मराठीचीच चालते.