चरे पडलेल्या गेम डिस्क : दुरुस्ती व निगा

व्हिडिओ गेमच्या सीडी, डीव्हीडी किंवा ब्लू-रे डिस्कवर पडलेले चरे घासून, पॉलिश करून डिस्क पुन्हा वाचण्याजोगी करण्याचे काम आणि मुळात चरे पडू नयेत म्हणून घ्यायची काळजी. १९८८ मध्ये जपानमधल्या पीसी एंजिन या व्हिडिओ गेमच्या यंत्राला सीडी-रॉमची जोड मिळाली आणि १९९४ च्या डिसेंबरात सोनीचे प्लेस्टेशन आले. त्यानंतर पंधरा-वीस वर्षे घरगुती खेळांचे मुख्य माध्यम डिस्क हेच होते. त्याआधीचे खेळ कार्ट्रिजमध्ये येत, आणि कार्ट्रिजमधली चिप प्लास्टिकच्या कवचात सुरक्षित असते. डिस्क मात्र प्रत्येक वेळी उघडी हाताळली जाते, आणि हाताळणारी बहुधा मुले असतात.

दुरुस्तीला हात घालण्यापूर्वी डिस्कची घडण समजून घ्यावी, कारण बहुतेक डिस्का चुकीच्या उपायांनीच कायमच्या बाद होतात. सीडी १.२ मिमी जाडीची असते. तिचा जवळजवळ सगळा भाग पॉलिकार्बोनेट या पारदर्शक प्लास्टिकचा असून माहितीचे सूक्ष्म खड्डे त्याच्या वरच्या, म्हणजे छापील बाजूला असतात. त्यांवर ॲल्युमिनियमचा चकचकीत थर, वर पातळ संरक्षक लेप आणि मग छपाई. म्हणजे सीडीची नाजूक बाजू चकाकणारी नसून चित्राची आहे. तिथे नखाने पडलेला खोल ओरखडाही ॲल्युमिनियमसह माहिती उपटून काढतो आणि त्यावर इलाज नाही. डिस्क दिव्यासमोर धरल्यावर टाचणीच्या टोकाएवढे उजेडाचे ठिपके दिसले तर थर तेवढ्या जागी गेलेला असतो. डीव्हीडीत ०.६ मिमीच्या दोन चकत्या चिकटवून माहिती मधोमध ठेवलेली असते, त्यामुळे तिची छापील बाजू बरीच सुरक्षित आहे.

खालच्या बाजूचे चरे वेगळ्या कारणाने त्रास देतात. तिथे माहिती नष्ट झालेली नसते, फक्त लेझरची वाट बिघडलेली असते. सीडी वाचणारा किरण प्लास्टिकमध्ये शिरताना सुमारे ०.८ मिमी रुंद असतो आणि खड्ड्यांपाशी पोहोचेपर्यंत दोन मायक्रोमीटरपेक्षाही बारीक होतो. पृष्ठभागावरची धूळ किंवा केसाएवढी रेघ त्याला अंधूक दिसते आणि तो तिच्यापलीकडे वाचतो. शिवाय माहिती रीड-सॉलोमन या त्रुटिदुरुस्तीच्या गणिती पद्धतीने विखरून लिहिलेली असते. मार्गावरचा सुमारे २.५ मिमीपर्यंतचा सलग तुकडा वाचता आला नाही तरी सीडी तो पुन्हा उभा करते. डीव्हीडीत हीच मर्यादा ६ मिमीच्या आसपास जाते. म्हणूनच भयानक दिसणारी डिस्क अनेकदा बिनबोभाट चालते. चालत असलेली डिस्क केवळ दिसायला वाईट म्हणून घासू नये.

चऱ्याची दिशा त्याच्या लांबीपेक्षा महत्त्वाची. माहितीचा मार्ग आतून बाहेर जाणाऱ्या सर्पिल रेषेत असतो. मध्यापासून कडेकडे गेलेला सरळ चरा प्रत्येक फेरीत क्षणभरच आडवा येतो आणि त्रुटिदुरुस्तीची पद्धत त्याला पचवते. मार्गाला समांतर गेलेला वर्तुळाकार चरा मात्र सलग माहिती झाकतो. डिस्क नेहमी मध्यापासून बाहेर सरळ रेषेत पुसावी हा नियम यातूनच आला. अमेरिकेच्या राष्ट्रीय मानके व तंत्रज्ञान संस्थेने २००३ मध्ये काढलेल्या डिस्क-निगा पुस्तिकेतही तो आहे. जागेलाही अर्थ आहे. आतल्या कडेला विषयसूची असते, म्हणून तिथला चरा डिस्क ओळखूच देत नाही. बाहेरचा चरा असेल तर खेळ सुरू होतो आणि ठरावीक ठिकाणी अडकतो. सेगा कंपनीच्या ड्रीमकास्ट या खेळयंत्राच्या डिस्कमध्ये खेळाची माहिती बाहेरच्या दाट पट्ट्यात असल्याने तिथे कडाच जास्त जपावी लागते.

वर्तुळाकार चऱ्यांचे सर्वांत गाजलेले प्रकरण एक्सबॉक्स ३६० चे. डिस्क फिरत असताना हे यंत्र आडव्याचे उभे केले की डिस्क आतल्या भागांना घासते आणि तिच्यावर खोल कडे उमटते. यावरून अमेरिकेत ग्राहकांनी भरलेला दावा एका प्रक्रियात्मक मुद्द्यावर तिथल्या सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. त्याचा निकाल २०१७ मध्ये लागला. यंत्र चालू असताना न हलवणे हा त्यावरचा एकमेव खात्रीचा उपाय आहे.

प्रत्यक्ष दुरुस्ती पायरीपायरीने करावी. आधी कोमट पाणी, साबणाचा एखादा थेंब आणि मऊ सुती किंवा मायक्रोफायबर कापड. ‘खराब’ ठरवलेल्या कितीतरी डिस्का बोटांच्या तेलकट ठशांनीच अडलेल्या असतात. चिकट डागांसाठी आयसोप्रोपिल अल्कोहोल चालते. नेलपॉलिश काढायचे ॲसिटोन किंवा थिनर कधीही नको, त्याने पॉलिकार्बोनेट धुरकट होते. मग दुसऱ्या यंत्रात डिस्क लावून पाहावी, कारण दोष लेझरचाही असू शकतो. पहिल्या प्लेस्टेशनच्या सुरुवातीच्या यंत्रांत लेझरची प्लास्टिकची सरकपट्टी झिजत असे. लोक यंत्र उलटे ठेवून खेळत, आणि डिस्कांचा काहीच दोष नसे.

एवढ्यानेही भागले नाही तरच घासायचे. पॉलिश चरा भरत नाही, तो ज्या पातळीवर आहे तिथपर्यंत आजूबाजूचे प्लास्टिक उतरवते. पांढरी टूथपेस्ट काम करते ती तिच्यातल्या सूक्ष्म अपघर्षक कणांमुळे. उथळ रेघांना ती पुरते, खोल चऱ्यांना नाही. दुकानातली यंत्रे पाण्याखाली क्रमाक्रमाने बारीक होत जाणारे घासकागद फिरवून शेवटी चकाकी देतात, आणि चांगल्या कारागिराच्या हातची डिस्क नव्यासारखी दिसते. पण प्रत्येक वेळी जाडी घटते, आणि घासण्याच्या उष्णतेने डिस्क वाकली तर ती परत सरळ होत नाही. मेण किंवा तत्सम लेप चऱ्यात भरून प्रकाशाचे विखुरणे काही काळ थांबवतात. तेवढ्या वेळात संगणकावर प्रत काढून घ्यावी. मधल्या भोकापासून निघालेली तडा असेल तर डिस्क फिरवूच नये, वेगात ती आतच फुटू शकते.

ब्लू-रेचे गणित निराळे. प्लेस्टेशन ३ पासून (२००६) वापरात आलेल्या या डिस्कमध्ये माहिती पृष्ठभागाखाली जेमतेम ०.१ मिमीवर असते आणि किरण तिथे शिरतानाच सुमारे ०.१४ मिमी एवढा अरुंद असतो. म्हणून वर कठीण लेप दिलेला असतो. त्यावर सहसा चरे पडत नाहीत, पण तो घासून उतरवला तर संरक्षणही जाते. घरगुती पॉलिश इथे करू नये.

चऱ्यांखेरीज आणखी एक शत्रू आहे तो ओलाव्याचा. कडेच्या फटीतून हवा आत गेली की ॲल्युमिनियम गंजते आणि तपकिरी किंवा पारदर्शक डाग पसरतात. हे पॉलिशने जात नाही. २००१ मध्ये बेलीझमधल्या एका सीडीत बुरशीने थर खाल्ल्याचे स्पॅनिश संशोधकांनी दाखवले. वर उल्लेखलेली पुस्तिका साठवणीसाठी २० ते ५० टक्के आर्द्रता सांगते. कोकणात, मुंबईत आणि गोव्यात पावसाळ्यातली हवा याच्या कितीतरी वर असते. तिथे डिस्का भिंतीला लागून असलेल्या कपाटात न ठेवता, मूळ डबीत उभ्या, सिलिका जेलच्या पुडीसह हवाबंद डब्यात ठेवाव्यात आणि पुडी दर पावसाळ्याआधी बदलावी. प्लास्टिकच्या पाकिटांची जाड वही टाळावी. पाकिटात शिरलेला वाळूचा कण डिस्क ओढताना दर वेळी रेघ ओढतो. डबीतून काढताना मधली कळ दाबून डिस्क सुटी करावी, वाकवून उचलू नये. तिच्यावर चिठ्ठी चिकटवू नये, त्याने तोल जातो.