गृहकर्जाचा पूर्ण हिशेब: हप्ता ठरवण्यापूर्वी वाचावयाचे माहितीपत्रक

गृहकर्जाच्या कागदपत्रांसाठी आमच्या कार्यालयात येणारे बहुतेक ग्राहक दोनच प्रश्न विचारतात: व्याजाचा दर किती आणि महिन्याचा हप्ता किती बसेल. दोन्ही प्रश्न रास्त आहेत, पण त्यांच्या उत्तरांवरून घर शेवटी किती रुपयांना पडणार हे कळत नाही. त्यासाठी कर्ज किती वर्षे चालणार हे धरावे लागते, आणि मंजुरीपत्रात छापलेली वर्षे व प्रत्यक्षात लागणारी वर्षे एकच असतील असे नाही. गोव्यातील फोंडा, डिचोली, सत्तरी आणि पेडणे या भागांतील आमच्या ग्राहकांसाठी हे पत्रक त्या हिशेबापुरते काढले आहे. आमचे काम हिशेबाचे आणि करसल्ल्याचे आहे. कर्ज मिळवून देण्यासाठी आम्ही कोणत्याही बँकेचे कमिशन घेत नाही, त्यामुळे अमुक बँकेकडे जा असे येथे कोठेही लिहिलेले आढळणार नाही.

चाळीस लाखांचे कर्ज

५० लाखांचे घर आणि ४० लाखांचे कर्ज असे उदाहरण घेऊ. ३० ते ७५ लाखांपर्यंतच्या कर्जासाठी घराच्या किमतीच्या ८० टक्क्यांपर्यंतच रक्कम देता येते, अशी रिझर्व्ह बँकेची मर्यादा आहे; तेव्हा हे उदाहरण त्या मर्यादेत बरोबर बसते. व्याज वर्षाला ८.५ टक्के आणि मुदत २० वर्षे धरली, तर हप्ता ३४,७१३ रुपये येतो. असे २४० हप्ते भरले की बँकेकडे एकूण सुमारे ८३ लाख ३१ हजार रुपये जातात, म्हणजे व्याजच ४३ लाख ३१ हजारांचे होते.

यातील पहिला हप्ता जरा जवळून पाहावा. कर्जाच्या विवरणपत्रात प्रत्येक हप्त्यापुढे व्याज आणि मुद्दल असे दोन रकाने असतात. पहिल्या महिन्यात व्याजाच्या रकान्यात २८,३३३ रुपये दिसतील आणि मुद्दलाच्या रकान्यात जेमतेम ६,३८०. व्याज शिल्लक मुद्दलावर लागते आणि सुरुवातीला जवळजवळ सगळे मुद्दल शिल्लकच असते, एवढेच त्याचे कारण आहे. यात बँकेची काही लबाडी नाही. परंतु त्याचा परिणाम लक्षात घेण्याजोगा आहे. पाच वर्षांत आपण सुमारे २० लाख ८३ हजार रुपये भरलेले असतात आणि कर्ज मात्र ४० लाखांवरून ३५ लाख २५ हजारांवर आलेले असते. निम्मे मुद्दल फिटायला १३ वर्षे १० महिने लागतात. पाच-सहा वर्षांनी घर विकून दुसरीकडे जाण्याचा ज्यांचा विचार असेल त्यांनी हा आकडा आधीच पाहून ठेवावा.

मुदत बदलली की काय होते तेही याच उदाहरणात दिसते. तेच कर्ज १५ वर्षांत फेडायचे ठरवले तर हप्ता ३९,३९० रुपये होतो, म्हणजे महिन्याला ४,६७७ रुपये जास्त, आणि एकूण व्याज सुमारे १२ लाख ४१ हजारांनी कमी होते. मुदत ३० वर्षे केली तर हप्ता ३०,७५७ रुपयांवर उतरतो. महिन्याला वाचतात चार हजारांच्या आत, आणि त्यापोटी व्याज वाढते २७ लाख ४१ हजारांनी. दरासाठी लोक पाव टक्क्यावरून घासाघीस करतात, ती अवश्य करावी; अर्धा टक्का कमी मिळाला तर या कर्जावर २० वर्षांत तीन लाखांच्या वर वाचतात. पण मुदतीच्या रकान्यात अर्ज भरणारा जो आकडा सहज लिहून टाकतो, त्याचे वजन त्याहून कितीतरी जास्त असते.

या मोठ्या बेरजांना एक बाजू आणखी आहे आणि ती सांगितली नाही तर हिशेब अर्धवट राहील. आजचे ३४,७१३ रुपये आणि वीस वर्षांनंतरचे तेवढेच रुपये सारखे नव्हेत. महागाई वर्षाला ५ टक्के धरली तर शेवटचा हप्ता आजच्या मोलाने साधारण १३,१०० रुपयांचाच असेल. शिवाय स्वतःच्या घरात राहिल्याने भाडे वाचते. म्हणून ८३ लाखांचा आकडा पाहून कर्जच नको असे म्हणण्याचे कारण नाही. मात्र मुदतीचे दोन पर्याय समोर ठेवून निवड करताना दोन्ही बेरजा माहीत असाव्यात.

हप्ता तोच, कर्ज मात्र लांबलेले

आजची बहुतेक गृहकर्जे बदलत्या दराची असतात. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना अशी नवीन कर्जे बाहेरच्या मानदंडाशी जोडावी लागतात, आणि बहुतेक बँकांनी त्यासाठी रेपो दर, म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना अल्पमुदतीचे कर्ज देते तो दर, निवडला आहे. गृहवित्त कंपन्यांना मात्र हे बंधन नाही. त्यांचा दर त्यांच्या स्वतःच्या मूळ दरावर चालतो.

मे २०२२ च्या सुरुवातीला रेपो दर ४ टक्के होता. फेब्रुवारी २०२३ पर्यंत तो ६.५ टक्क्यांवर गेला. या काळात आमच्याकडे आलेले बरेच ग्राहक निश्चिंत होते, कारण खात्यातून कापला जाणारा हप्ता बदललेला नव्हता. "सर, हप्ता वाढूंक ना, म्हणजे आमकां कांय फरक पडूंक ना," असे एका ग्राहकाने सांगितले, आणि त्याच वेळी त्यांच्या विवरणपत्रात शिल्लक हप्त्यांची संख्या शंभराहून अधिक वाढलेली होती. दर वाढला की हप्ता तसाच ठेवून मुदत वाढवण्याची पद्धत सर्रास आहे. ग्राहकाला ती टोचत नाही आणि बँकेला सोयीची पडते.

हे किती दूर जाऊ शकते ते पाहा. ७ टक्क्यांनी २० वर्षांसाठी घेतलेल्या ४० लाखांचा हप्ता ३१,०१२ रुपये होता. वर्षभराने शिल्लक सुमारे ३९ लाख ५ हजार राहते. समजण्यासाठी असे धरू की त्याच वेळी दर एकदम ९.५ टक्के झाला. आता एका महिन्याचे व्याजच ३०,९१३ रुपये होते, म्हणजे हप्त्यातून मुद्दलाकडे शंभर रुपयेसुद्धा जात नाहीत, आणि त्याच हप्त्याने कर्ज फेडायचे म्हटले तर आणखी साठ वर्षे लागतील. प्रत्यक्षात दर टप्प्याटप्प्याने वाढले आणि बँकांनी मध्येच हप्तेही वाढवले. पण गणिताची दिशा हीच होती.

याच कारणाने रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३ मध्ये नियम घालून दिला. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे करायचे, हे निवडण्याचा हक्क कर्जदाराला आहे. स्थिर दराकडे जाण्याचा पर्यायही त्या नियमानुसार त्याला द्यावयाचा होता; ऑक्टोबर २०२५ पासून मात्र तो देणे न देणे बँकेच्या इच्छेवर आहे. दर तीन महिन्यांनी मिळणाऱ्या विवरणात भरलेले व्याज व मुद्दल, हप्ता आणि उरलेल्या हप्त्यांची संख्या असली पाहिजे. आमचा सल्ला एवढाच आहे की खर्चाला जमत असेल तर हप्ता वाढवून घ्यावा आणि मुदतीला हात लावू देऊ नये. ही निवड लेखी कळवावी लागते. काहीच न कळवल्यास सहसा मुदतच वाढते.

दर उतरतात तेव्हाही खाते तपासावे. फेब्रुवारी ते जून २०२५ या काळात रेपो दर एक टक्क्याने कमी होऊन ५.५ टक्क्यांवर आला. रेपोशी जोडलेल्या कर्जांना हा लाभ आपोआप मिळतो. बँकेच्या स्वतःच्या दराशी जोडलेल्या जुन्या पद्धतीच्या कर्जांना तो उशिरा किंवा अपुरा मिळतो, आणि अशा वेळी थोडे शुल्क भरून नव्या पद्धतीत येणे बहुधा फायद्याचे ठरते.

कर्जाच्या अवतीभवतीचे खर्च

मुद्रांक शुल्क आणि नोंदणी शुल्क हे उपनिबंधक कार्यालयात भरावयाचे खर्च सामान्यतः घराच्या किमतीत धरून कर्ज मिळत नाही. ते आपल्या बचतीतून द्यावे लागतात. बांधकाम चालू असलेला फ्लॅट घेतल्यास, परवडणाऱ्या घरांची मर्यादा सोडून, ५ टक्के जीएसटी लागतो. बांधकामपूर्तीचा दाखला मिळालेल्या घरावर तो लागत नाही. ५० लाखांवर हा फरक अडीच लाखांचा होतो. अशा फ्लॅटमध्ये दुसरा खर्चही दडलेला असतो. बिल्डरला जसजशी रक्कम जाते तसतसे तिच्यावर फक्त व्याज भरावे लागते आणि मुद्दल जागचे हलत नाही. दोन वर्षांत सरासरी २० लाख उचलले गेले असे धरले तरी हे व्याज ३ लाख ४० हजार होते, आणि तोवर राहत्या घराचे भाडे चालूच असते. गोवा रेरामध्ये, म्हणजे बांधकाम प्रकल्पांवर देखरेख करणाऱ्या प्राधिकरणाकडे, प्रकल्पाची नोंदणी आणि ताबा देण्याची तारीख पाहिल्याशिवाय असा हिशेब मांडू नये.

कर्जासोबत दिल्या जाणाऱ्या विम्याबद्दल थोडे अधिक लिहिणे आवश्यक वाटते. मंजुरीच्या दिवशी सह्यांच्या गठ्ठ्यात विम्याचा अर्ज असतो आणि त्याचा एकरकमी हप्ता कर्जातच मिळवला जातो. १ लाख २० हजारांचा विमा असा मिळवला तर त्यावरही वीस वर्षे ८.५ टक्के व्याज चढते आणि तो शेवटी अडीच लाखांना पडतो. कर्जदाराच्या पश्चात कुटुंबावर बोजा राहू नये यासाठी विमा हवाच, याबद्दल दुमत नाही. पण तो त्याच बँकेकडून घेण्याची सक्ती नाही, आणि स्वतंत्र मुदत विमा घेऊन त्याचा हप्ता दरवर्षी भरणे अनेकदा स्वस्त पडते.

१ ऑक्टोबर २०२४ पासूनच्या नव्या कर्जांसाठी बँकेने सहीपूर्वी 'मुख्य तथ्य विवरण' द्यावयाचे असते. त्यात प्रक्रिया शुल्क, विमा, कायदेशीर तपासणी इत्यादी धरून काढलेला वार्षिक टक्केवारी दर, म्हणजे एपीआर, दिलेला असतो. दोन बँकांची तुलना जाहिरातीतील दरावर न करता या दरावर करावी. या विवरणात नसलेले शुल्क ग्राहकाच्या स्पष्ट संमतीशिवाय पुढे आकारता येत नाही.

घर जुने असेल किंवा वडिलार्जित जागेवर बांधायचे असेल, तर कर्जाच्या आधीच खर्च सुरू होतो. एक-चौदाच्या उताऱ्यावर (जमिनीच्या हक्कनोंदीवर) आजोबांचे नाव तसेच राहिलेले असते, वारसांची इन्व्हेंटरी (वारसा वाटपाची प्रक्रिया) झालेली नसते, जमीन रूपांतराची सनद (शेतजमिनीवर बांधकामाची परवानगी) सापडत नाही. बँकेचा वकील या प्रत्येक ठिकाणी अडतो. आणि घर झाल्यावर आपला पाऊस आहेच. दर काही वर्षांनी गच्चीचे वॉटरप्रूफिंग, पावसाळ्यापूर्वीची रंगरंगोटी, घरपट्टी, सोसायटीची देखभाल वर्गणी यांसाठी हप्त्याव्यतिरिक्त रक्कम बाजूला ठेवावी लागते.

गोव्यातील पती-पत्नी आणि आयकर

शेजारच्या महाराष्ट्रातील नातेवाइकांनी सांगितलेला हिशेब येथे जसाच्या तसा लागू पडत नाही. पोर्तुगीज काळापासून चालत आलेल्या नागरी संहितेनुसार, विवाहापूर्वी वेगळा करार केलेला नसल्यास, पती-पत्नीची मालमत्ता सामाईक असते. म्हणून घर गहाण ठेवताना दोघांच्या सह्या लागतात. आयकरातही पगार सोडून इतर उत्पन्न, त्यात घरमालमत्तेचे उत्पन्न किंवा तोटा आला, दोघांत निम्मे-निम्मे वाटले जाते. पती एकटाच कमावता असून संपूर्ण व्याजाची वजावट आपल्यालाच मिळेल असे धरून बसला असेल, तर निम्मी वजावट पत्नीच्या नावे जाते आणि तिला दुसरे उत्पन्न नसल्यास त्या वर्षी ती उपयोगी पडत नाही.

शिवाय स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजाची वर्षाला दोन लाखांपर्यंतची वजावट फक्त जुन्या करप्रणालीत आहे. आमच्या उदाहरणात पहिल्या वर्षाचे व्याज ३ लाख ३७ हजार होते. म्हणजे जुन्या प्रणालीतही एकट्या व्यक्तीला सगळे व्याज वजा करता येत नाही, आणि नव्या प्रणालीत काहीच होत नाही. "टॅक्स वाचतो" म्हणून कर्ज मोठे घेण्याचा सल्ला कोणी दिला, तर कोणत्या प्रणालीत आणि किती वाचतो हे आकड्यात विचारावे.

मुदतीपूर्वी भरणा

बदलत्या दराच्या गृहकर्जाचा मुदतीपूर्वी भरणा केल्यास व्यक्तिगत कर्जदाराला दंड लागत नाही. या सवलतीचा उपयोग जेवढा लवकर तेवढा अधिक. आमच्या उदाहरणात तिसऱ्या वर्षाअखेर दोन लाख जादा भरून हप्ता तसाच ठेवला, तर कर्ज साडेबावीस महिने आधी संपते आणि सुमारे ५ लाख ८१ हजारांचे व्याज वाचते. तेच दोन लाख तेराव्या वर्षाअखेर भरले तर वाचतात दीड लाख. बोटीवर काम करणाऱ्या आमच्या ग्राहकांना कराराच्या महिन्यांत पैसा एकदम येतो आणि घरी असताना मिळकत थांबते. त्यांनी आधी सहा-आठ हप्त्यांची रक्कम राखून ठेवावी आणि उरलेल्यातूनच जादा भरणा करावा. चवथीच्या (गणेश चतुर्थीच्या) बोनसमधील काही भाग दरवर्षी भरणारे नोकरदारही आहेत, आणि मुदत आटोक्यात ठेवण्याचा तो चांगला मार्ग आहे. जादा रक्कम भरताना "हप्ता तोच ठेवून मुदत कमी करावी" असे लेखी द्यावे. महागडे वैयक्तिक कर्ज किंवा क्रेडिट कार्डाची थकबाकी असेल तर मात्र ती आधी फेडावी.

कर्ज पूर्ण फिटल्यावर मूळ दस्तऐवज ३० दिवसांच्या आत परत मिळाले पाहिजेत आणि नोंदवलेला बोजा उतरवला गेला पाहिजे. बँकेमुळे उशीर झाल्यास दिवसाला ५,००० रुपये भरपाईची तरतूद १ डिसेंबर २०२३ पासून आहे. परत मिळालेली कागदपत्रे कर्ज देताना मिळालेल्या पोचयादीशी पडताळून घ्यावीत आणि म्हणूनच ती पोचयादी पहिल्या दिवसापासून जपून ठेवावी.

ज्यांना आपल्या चालू कर्जाचा हिशेब तपासून हवा असेल त्यांनी मंजुरीपत्र, मुख्य तथ्य विवरण असल्यास ते, आणि ताजे कर्ज-विवरणपत्र घेऊन कार्यालयात यावे. पती-पत्नी दोघांनी मिळून आल्यास कराचा भाग त्याच बैठकीत पाहता येतो.